मरे नदीवरचा जकात नाका आणि सहा वसाहतींचा होकार

मुलुंडच्या किंवा दहिसरच्या जकात नाक्यावर ट्रकांची रांग लागायची, ती १ जुलै २०१७ ला जीएसटी आल्यावर संपली. त्यामुळे जकात नाका म्हणजे काय, हे निदान मुंबईच्या आसपास वाढलेल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. आता तोच नाका नदीवरच्या पुलावर कल्पून पाहा. नदीच्या दोन्ही काठांवर एकच भाषा बोलणारी, एकाच राणीची प्रजा असलेली, एकमेकांच्या घरी मुली दिलेली माणसं राहतात. या काठावरचा शेतकरी गहू, द्राक्षाची दारू, जनावरं पलीकडच्या बाजारात न्यायला निघाला की पुलावर कर भरतो. प्रवाशाच्या सामानाची झडती होते. हे चित्र १८९० च्या सुमाराच्या ऑस्ट्रेलियातल्या मरे नदीचं आहे. उत्तर काठावर न्यू साउथ वेल्स, दक्षिण काठावर व्हिक्टोरिया. दोन्ही ब्रिटिशांच्याच वसाहती, आणि तरी एकमेकींना परक्या.

१ जानेवारी १९०१ ला या दोन आणि आणखी चार वसाहती मिळून एक राष्ट्र झालं. लढाई झाली नाही, कुणी कुणाला जिंकलं नाही, लंडनने हुकूमही काढला नाही. लोकांनी मतपेटीतून होकार दिला आणि ते झालं. पण त्याआधी जवळजवळ अठरा वर्षं ते होता होत नव्हतं. मला या प्रकरणात रस आहे तो त्या अठरा वर्षांमुळे. एकत्र यावं असं म्हणणाऱ्यांची कमी कधीच नव्हती. मग घोडं नेमकं कुठे अडलं होतं, आणि ते पुढे कसं सरकलं?

सहा चुली

ऑस्ट्रेलियात ब्रिटिशांची पहिली वस्ती १७८८ ची, न्यू साउथ वेल्सची. पुढे तिच्यातून तुकडे निघत गेले. टास्मानिया (तेव्हाचं नाव व्हॅन डीमेन्स लँड) १८२५ मध्ये, व्हिक्टोरिया १८५१ मध्ये आणि क्वीन्सलँड १८५९ मध्ये वेगळं झालं. पश्चिम ऑस्ट्रेलिया १८२९ मध्ये आणि दक्षिण ऑस्ट्रेलिया १८३६ मध्ये स्वतंत्रपणे वसवल्या गेल्या. १८५५ नंतर एकेका वसाहतीला अंतर्गत कारभार स्वतः चालवण्याचा अधिकार मिळत गेला. पश्चिम ऑस्ट्रेलियाला तो सगळ्यांत उशिरा, १८९० मध्ये मिळाला. म्हणजे सहा विधिमंडळं, सहा पंतप्रधान (वसाहतीच्या मुख्य मंत्र्याला तिकडे 'प्रीमियर' म्हणत), सहा टपालखाती, सहा तिजोऱ्या आणि सहा प्रकारचे सीमाकर. लोकसंख्या मात्र १९०१ साली सगळी मिळून ३८ लाखांच्या आसपास. चुली वेगळ्या होण्याची आपल्याला सवय आहे. वेगळ्या झालेल्या चुली पुन्हा एक झाल्याचं सहसा कानावर येत नाही.

वेगळेपण किती खोल गेलं होतं ते रेल्वेच्या रुळांत दिसतं. न्यू साउथ वेल्सच्या रुळांमधलं अंतर ४ फूट साडेआठ इंच, व्हिक्टोरियाच्या रुळांमधलं ५ फूट ३ इंच, क्वीन्सलँडच्या रुळांमधलं ३ फूट ६ इंच. १८८३ मध्ये सिडनीकडून आणि मेलबर्नकडून आलेल्या लोहमार्गांची मरेकाठच्या ऑल्बरी गावात गाठ पडली. पण एकीचे डबे दुसरीच्या रुळांवर चढू शकत नव्हते. प्रवाशांनी रात्री-अपरात्री उतरायचं, फलाट ओलांडून दुसऱ्या गाडीत बसायचं. माल तर सगळाच हमालांनी उतरवून पुन्हा चढवायचा. सिडनी ते मेलबर्न हा प्रवास गाडी न बदलता करता यायला १९६२ साल उजाडलं. राज्यघटना १९०१ मध्ये एक झाली, रूळ त्यानंतर एकसष्ट वर्षांनी.

जकातीमागे दोन मोठ्या वसाहतींच्या आर्थिक धोरणांतला खरा विरोध होता. सोन्याच्या खाणींचा भर ओसरल्यावर व्हिक्टोरियाने मेलबर्नच्या कारखान्यांना आणि कामगारांना आधार म्हणून बाहेरच्या मालावर जबर कर लावले. 'बाहेरचा' यात न्यू साउथ वेल्सही आलं. न्यू साउथ वेल्सकडे विकायला भरपूर सरकारी जमीन होती, त्या उत्पन्नावर तिजोरी चाले, त्यामुळे तिथे खुल्या व्यापाराचं धोरण टिकलं. एकत्र यायचं तर सीमाकर एकच हवा. तो कुणाचा? सिडनीच्या व्यापाऱ्याला वाटे, एकी झाली की व्हिक्टोरियाचे कर आपल्या गळ्यात पडणार. मेलबर्नच्या कारखानदाराला वाटे, एकी झाली की आपलं कुंपण मोडणार. व्हिक्टोरियाचे माजी प्रीमियर जेम्स सर्व्हिस यांनी १८९० मध्ये या सीमाकराला 'वाटेतला सिंह' म्हटलं: एकीने त्याला मारावं, नाहीतर तो एकीला मारेल.

दोन फसलेले प्रयत्न

पहिला धक्का बाहेरून आला. १८८३ मध्ये जर्मनी न्यू गिनीवर डोळा ठेवून आहे या धास्तीने क्वीन्सलँडच्या सरकारने त्या बेटाचा पूर्व भाग परस्पर ताब्यात घेतला. लंडनने ते नामंजूर केलं. पुढच्याच वर्षी जर्मनीने ईशान्य न्यू गिनीवर झेंडा लावला. वसाहतींना कळलं की सुटं सुटं बोललं तर लंडन ऐकत नाही. त्यातून १८८५ मध्ये 'फेडरल कौन्सिल' नावाची संस्था कायद्याने उभी राहिली. तिच्याकडे तिजोरी नव्हती, मंत्रिमंडळ नव्हतं, आणि सगळ्यांत थोरली वसाहत न्यू साउथ वेल्स तिच्यात कधीच आली नाही. थोरल्या भावाशिवाय भरवलेली भावकीची बैठक जशी होते, तशीच ती चालली.

दुसरा प्रयत्न त्याच न्यू साउथ वेल्सचे म्हातारे प्रीमियर हेन्री पार्क्स यांचा. १८८९ मध्ये एका ब्रिटिश सेनाधिकाऱ्याने सहाही वसाहतींच्या संरक्षणाची पाहणी करून सांगितलं की सैन्य एकत्र आणल्याशिवाय या भूमीचं रक्षण होणार नाही. पार्क्सनी तो धागा पकडला. २४ ऑक्टोबर १८८९ ला क्वीन्सलँडच्या सीमेजवळच्या टेंटरफील्ड या छोट्या गावात भाषण करून त्यांनी अखिल ऑस्ट्रेलियाच्या संसदेची मागणी केली. पुढच्या फेब्रुवारीत मेलबर्नला परिषद भरली. 'रक्ताच्या नात्याचा लाल धागा आपल्या सगळ्यांतून ओवला आहे' हे पार्क्सचं गाजलेलं वाक्य तिथलंच. वाक्य सुंदर आहे. पण तो धागा कुणाकुणाला वगळून ओवला होता, ते या प्रकरणात पुढे येईलच.

१८९१ च्या मार्च-एप्रिलमध्ये सिडनीला घटना परिषद बसली. न्यूझीलंडचेही प्रतिनिधी होते. टास्मानियाचे अँड्र्यू इंग्लिस क्लार्क अमेरिकेच्या घटनेचे जाणकार. ते स्वतःचा कच्चा मसुदा बरोबर घेऊनच आले होते. क्वीन्सलँडचे सॅम्युएल ग्रिफिथ यांनी ईस्टरच्या सुट्टीत मसुदा समितीला 'लुसिंडा' या सरकारी बोटीवर घेतलं आणि हॉक्सबरी नदीत नांगर टाकून कलमं घोटून काढली. आजच्या ऑस्ट्रेलियन घटनेचा सांगाडा बराचसा त्या तीन दिवसांतला आहे. अमेरिकेसारखं सेनेट, ज्यात लहान-मोठ्या प्रत्येक राज्याला सारख्या जागा. ब्रिटनसारखं मंत्रिमंडळ, जे खालच्या सभागृहाला उत्तरदायी. राष्ट्राचं नाव 'कॉमनवेल्थ'.

मसुदा उत्तम होता, आणि तरी तो मेला. कसा मेला, ते या प्रकरणाच्या अभ्यासकाने नीट पाहावं. परिषदेने मसुदा सहा विधिमंडळांकडे पाठवला. पुढे काय करायचं, किती दिवसांत करायचं, हे कुणावरच बंधनकारक नव्हतं. विधिमंडळातल्या आमदाराला तर या एकीतून मिळायचं काहीच नव्हतं, उलट स्वतःच्या सभागृहाचे अधिकारच जायचे होते. न्यू साउथ वेल्समध्ये तो विषय मागे पडला. ऑक्टोबर १८९१ मध्ये पार्क्सची सत्ता गेली. इतर वसाहती सिडनीची वाट पाहत बसल्या. दरम्यान मोठे संप झाले होते, मेलबर्नच्या जमिनींच्या भावांचा फुगा फुटला, आणि १८९३ च्या एप्रिल-मेमध्ये एकामागून एक बँकांनी दारं बंद केली. लोकांच्या ठेवी अडकलेल्या असताना घटनेच्या मसुद्यावर कोण बोलणार?

कोरोवा, १८९३

प्रकरण वळलं ते इथे, आणि राजधानीपासून खूप दूर.

मरेच्या उत्तर काठावर कोरोवा, समोर व्हिक्टोरियातलं वागुन्या. दोन्हीकडे गव्हाची शेतं आणि द्राक्षमळे. इथल्या शेतकऱ्याची स्वाभाविक बाजारपेठ मेलबर्न. सिडनी त्याच्यापासून कितीतरी लांब. पण मेलबर्नची वाट नाक्यावरून जायची. एकीकरण ही सिडनीच्या वकिलांसाठी तात्त्विक चर्चा असेल; कोरोवाच्या माणसासाठी तो गाडीभर मालावरचा रोजचा भुर्दंड होता. म्हणून सीमेवरच्या गावागावांत 'फेडरेशन लीग' निघाल्या होत्या. त्यांच्या जोडीला व्हिक्टोरियात जोमात असलेली 'ऑस्ट्रेलियन नेटिव्ह्ज असोसिएशन' ही संघटना होती. नावावरून चुकायला होईल: यातले 'नेटिव्ह' म्हणजे ऑस्ट्रेलियात जन्मलेले गोरे. ज्यांची ती भूमी हजारो वर्षांपासूनची, त्यांचा त्या नावाशी काही संबंध नव्हता.

३१ जुलै आणि १ ऑगस्ट १८९३ ला कोरोवाच्या कचेरीत या लीगांनी परिषद भरवली. पाहुणे राजकारणी आले, भाषणं झाली, एकीचे ठराव झाले. अशा ठरावांना लोक तोवर कंटाळले होते. दुसऱ्या दिवशी बेंडिगोचे वकील जॉन क्विक यांनी एक ठराव मांडला, आणि तो मंजूर झाला. मतितार्थ असा: प्रत्येक वसाहतीच्या विधिमंडळाने आधी एक कायदा करावा. त्या कायद्याने लोकांनी घटना परिषदेसाठी प्रतिनिधी निवडावेत. परिषदेने घटना तयार करावी. आणि ती घटना परत विधिमंडळाकडे न जाता थेट प्रत्येक वसाहतीतल्या मतदारांपुढे जावी.

हा क्विक कोण? कॉर्नवॉलहून तान्हेपणी आलेला, वडील लवकर गेले, दहाव्या वर्षी शाळा सोडून लोखंडाच्या कारखान्यात कामाला लागलेला, मग वार्ताहर, मग वकील. घटनेवर बोलणाऱ्या बड्या मंडळींमध्ये त्याचं नाव मागच्या रांगेत होतं. पण सगळे 'एकी कशी असावी' यावर भांडत असताना त्याने वेगळाच प्रश्न धरला: शेवटचा होकार कुणाचा? तो आमदारांचा असेल तोवर हे कधीच होणार नाही, कारण प्रत्येक विधिमंडळ दुसऱ्याची वाट पाहत बसतं. म्हणून आधी तारखा, टप्पे आणि निर्णय घेणारा माणूस कायद्याने बांधून टाका. मजकुरावरचं भांडण नंतर करा. माझ्या मते या सगळ्या अठरा वर्षांतली सर्वांत मोलाची गोष्ट हीच आहे. पार्क्सचं वाक्य शाळेच्या पुस्तकात गेलं, पण गाडी रुळावर आणली ती क्विकच्या या कोरड्या, कारकुनी वाटणाऱ्या ठरावाने.

पार्क्सच्या जागी पुढे न्यू साउथ वेल्सचे प्रीमियर झालेले जॉर्ज रीड यांनी ही योजना उचलली. १८९५ च्या सुरुवातीला होबार्टला प्रीमियरांची बैठक झाली आणि तिथे कोरोवाची पद्धत मान्य झाली.

हिशेबाची वही

१८९७ मध्ये परिषदेच्या निवडणुका झाल्या. न्यू साउथ वेल्स, व्हिक्टोरिया, दक्षिण ऑस्ट्रेलिया आणि टास्मानिया यांच्या मतदारांनी प्रत्येकी १० प्रतिनिधी निवडले. पश्चिम ऑस्ट्रेलियाचे प्रतिनिधी तिथल्या विधिमंडळाने नेमले. क्वीन्सलँड आलंच नाही. दक्षिण ऑस्ट्रेलियात बायकांना १८९४ च्या कायद्याने मतदानाचा आणि उभं राहण्याचाही हक्क मिळाला होता. तिथे कॅथरीन हेलन स्पेन्स उभ्या राहिल्या. ऑस्ट्रेलियात निवडणूक लढवणारी ही पहिली स्त्री. त्या पडल्या. परिषदेत एकही बाई नव्हती, आणि कामगार पक्षाचा अवघा एक माणूस होता.

अॅडलेड, सिडनी, मेलबर्न अशा तीन ठिकाणी, मार्च १८९७ ते मार्च १८९८ परिषद बसली. सगळ्यांत चिवट वाद दोन होते, आणि दोन्ही पैशाचे.

पहिला सेनेटचा. टास्मानियाची वस्ती न्यू साउथ वेल्सच्या पासंगालाही पुरणारी नव्हती. तरी सेनेटमध्ये दोघांना सारख्या जागा हव्यात, असा लहान वसाहतींचा आग्रह. मोठ्यांनी ते मानलं, पण मग कराच्या विधेयकांत सेनेटने ढवळाढवळ करता कामा नये म्हणाले. शेवटी तोड निघाली: पैशाच्या विधेयकात सेनेटने दुरुस्ती करायची नाही, फक्त सुचवायची, मात्र फेटाळू शकेल. आणि दोन्ही सभागृहांचं अगदीच फाटलं तर दोन्ही बरखास्त करून निवडणूक, तरीही नाही जमलं तर संयुक्त बैठक. संयुक्त बैठक हा शब्द स्पर्धा परीक्षांचा अभ्यास करणाऱ्यांना ओळखीचा वाटेल. आपल्या घटनेच्या १०८ व्या कलमातली संयुक्त बैठक ऑस्ट्रेलियाकडून आली असं आपण पाठ करतो, तिचं मूळ या भांडणात आहे.

दुसरा वाद सीमाकराच्या उत्पन्नाचा. बहुतेक वसाहतींचा कारभार आयात मालावरच्या करावर चालत होता. नवीन राष्ट्राने तो कर स्वतःकडे घेतला तर राज्यांनी शाळा, रस्ते, रेल्वेच्या कर्जाचं व्याज कशातून द्यायचं? आज जीएसटीच्या नुकसानभरपाईवरून केंद्र आणि राज्यं यांच्यात जे ताणतणाव आपण पाहिले, त्याच जातीचा हा प्रश्न. टास्मानियाचे प्रीमियर एडवर्ड ब्रॅडन यांनी तोडगा काढला: सीमाकर आणि अबकारीच्या निव्वळ उत्पन्नातला एक चतुर्थांशच राष्ट्राने स्वतःच्या खर्चाला वापरावा, तीन चतुर्थांश राज्यांना परत जावा. ब्रॅडनना हे गणित नवखं नव्हतं. आयुष्याची जवळजवळ तीस वर्षं त्यांनी हिंदुस्थानात काढली होती, त्यातला मोठा काळ अवधमध्ये, जिथे अबकारी आणि स्टँप खातं त्यांच्याकडे होतं. लखनौच्या बाजूची वसुली सांभाळलेला माणूस ऑस्ट्रेलियाच्या घटनेतलं वाटपाचं कलम लिहितो, हे वाचताना मी थबकलो होतो. सिडनीवाल्यांना ते कलम मुळीच आवडलं नाही. त्यांचा हिशेब सरळ होता: राष्ट्राला एक रुपया खर्चायचा तर लोकांकडून चार रुपये कर गोळा करावा लागणार. त्यांनी त्याला 'ब्रॅडनचा डाग' असं नाव ठेवलं.

आणि नाक्याचं काय? ९२ व्या कलमात एका ओळीचा निकाल: राज्याराज्यांमधला व्यापार आणि जाणं-येणं पूर्णपणे मुक्त राहील. भारताच्या घटनेचं ३०१ वं कलम याच कलमाच्या घराण्यातलं.

मतपेटी, दोनदा

जून १८९८ मध्ये चार वसाहतींत मतदान झालं. व्हिक्टोरियात १,००,५२० विरुद्ध २२,०९९. टास्मानिया आणि दक्षिण ऑस्ट्रेलियातही घसघशीत होकार. न्यू साउथ वेल्समध्येही बहुमत होकाराचं होतं: ७१,५९५ विरुद्ध ६६,२२८. तरी प्रस्ताव पडला. कारण तिथल्या विधिमंडळाने आदल्या वर्षी अट वाढवून ठेवली होती, होकाराची किमान ८०,००० मतं हवीत. मूळ अट ५०,००० ची होती. आमदारांच्या हातून निर्णय काढून घेतला तरी दाराची उंची ठरवणं त्यांच्याच हातात राहिलं होतं.

प्रीमियर रीड यांनी सिडनीच्या टाउन हॉलमध्ये दीर्घ भाषण करून मसुद्यातला एकेक दोष दाखवला आणि शेवटी सांगितलं की मी स्वतः मात्र होकाराचं मत देणार आहे. लोकांनी त्यांना 'हो-नाही रीड' करून टाकलं. पण मला रीड यांच्यावर अन्याय झाल्यासारखं वाटतं. थोरल्या वसाहतीने अटी पदरात पाडून घेतल्याशिवाय सही केली असती, तर तिथली निम्मी जनता कायमची रुसून बसली असती. जानेवारी १८९९ मध्ये सहाही प्रीमियर मेलबर्नला बंद दाराआड बसले आणि रीड यांनी वही उघडली. ब्रॅडनच्या कलमाला दहा वर्षांची मुदत लागली. अडचणीतल्या राज्याला मदत देण्याचा अधिकार राष्ट्राच्या संसदेला मिळाला. संयुक्त बैठकीत तीन पंचमांशाऐवजी एकूण सदस्यसंख्येचं बहुमत पुरेसं ठरलं. आणि राजधानी न्यू साउथ वेल्समध्येच, पण सिडनीपासून १०० मैलांच्या आत नाही. ती बांधून होईतो संसद मेलबर्नला. सिडनी आणि मेलबर्न यांपैकी कुणालाही दुसऱ्यापुढे मान तुकवावी लागू नये म्हणून मेंढ्यांच्या कुरणात कॅनबेरा हे नवं शहर वसवण्यात आलं, आणि संसद तिथे गेली १९२७ मध्ये.

२० जून १८९९ ला न्यू साउथ वेल्सने पुन्हा मत दिलं: १,०७,४२० विरुद्ध ८२,७४१. क्वीन्सलँड सप्टेंबरमध्ये आलं, ३८,४८८ विरुद्ध ३०,९९६. ब्रिस्बेनचा कल विरोधात होता. उत्तर आणि मध्य भागाने तारलं.

उरलं पश्चिम ऑस्ट्रेलिया. बाकीच्या वस्तीपासून ते वाळवंटाने तोडलेलं, स्वराज्य मिळून दहा वर्षंही न झालेलं, आणि तिजोरी सीमाकरावर उभी. प्रीमियर जॉन फॉरेस्ट यांना घाई नव्हती. पण १८९२-९३ मध्ये कूलगार्डी आणि कॅलगुर्लीला सोनं सापडलं होतं आणि पूर्वेकडून हजारो लोक तिथे आले होते. या खाणवाल्यांना पूर्वेशी जोडलेलं राहायचं होतं. त्यांनी लंडनला अर्ज धाडला: पर्थवाले येत नसतील तर आम्हाला वेगळी वसाहत करून द्या, आम्ही एकीत जातो. वेगळं होण्याची धमकी एकत्र येण्यासाठी! फॉरेस्टनी पाच वर्षांत टप्प्याटप्प्याने सीमाकर उतरवण्याची सवलत घटनेत मिळवली आणि ३१ जुलै १९०० ला मतदान घेतलं: ४४,८०० विरुद्ध १९,६९१. तोवर लंडनमध्ये कायद्याची छपाई होऊन ९ जुलैला राणीची संमतीही मिळाली होती. त्यामुळे एक गंमतीशीर वाटणारी पण खोल गोष्ट घटनेत कायमची राहून गेली. उद्देशिकेत एकत्र येणाऱ्या जनतेची नावं आहेत, त्यांत पश्चिम ऑस्ट्रेलिया नाही. उलट राज्यांच्या व्याख्येत न्यूझीलंडचं नाव आजही आहे, जे कधी आलंच नाही. १९३३ मध्ये पश्चिम ऑस्ट्रेलियाने फुटून निघायच्या बाजूने जवळपास दोनास एक असा कौल दिला; ब्रिटिश संसदेने १९३५ मध्ये ती मागणी हातीच घेतली नाही.

नाका उठला, दार बंद झालं

१ जानेवारी १९०१ ला सिडनीच्या सेंटेनियल पार्कमध्ये राष्ट्राची घोषणा झाली, एडमंड बार्टन पहिले पंतप्रधान झाले. मरेवरचा कर मात्र त्या दिवशी गेला नाही. आधी साऱ्या राष्ट्राचा एक सीमाकर ठरायला हवा होता. तो ८ ऑक्टोबर १९०१ ला लागू झाला आणि त्या दिवशी कोरोवाचा गहू कर न भरता पलीकडे गेला.

त्याच वर्षी, त्याच संसदेने 'इमिग्रेशन रिस्ट्रिक्शन' कायदा केला. नको असलेल्या माणसाला बंदरावर युरोपातल्या कुठल्याही भाषेतले पन्नास शब्द उतरवून घ्यायला सांगायचं. तो नापास झाला की परत. भाषा अधिकाऱ्याने निवडायची. रंगाचा उल्लेख न करता रंगावरून हाकलण्याची ही सोय १९५८ पर्यंत चालली. १९०२ च्या मतदार कायद्याने गोऱ्या बायकांना मत दिलं आणि आशिया, आफ्रिका, पॅसिफिकमधल्या मूळच्या लोकांना नाकारलं. तिथे आधीपासून राहणारे हिंदुस्थानी, जे ब्रिटिश राजाचेच प्रजाजन होते, तेही त्यात आले. त्यांच्यासाठी ते दार १९२५ मध्ये उघडलं. आणि घटनेच्या १२७ व्या कलमात लिहिलं होतं की राष्ट्राची लोकसंख्या मोजताना आदिवासींना मोजू नये. सहा वसाहतींना जोडणारी जी कलमं रात्र रात्र जागून घासली गेली, त्यांच्या शेजारी हे कलम फारशी चर्चा न होता बसलं. रुपये-आण्यांवर वर्षभर भांडणाऱ्या परिषदेला या एका ओळीवर थांबावंसं वाटलं नाही, याचा मला आजही राग येतो. त्या लोकांना कुणी होकार विचारला नव्हता. ते कोरोवाच्या कचेरीत नव्हते आणि 'लुसिंडा'वरही नव्हते.

घटना दुरुस्त करायचा मार्ग मात्र क्विकच्याच पद्धतीचा ठेवला गेला. १२८ वं कलम: दुरुस्ती लोकांपुढे गेली पाहिजे, देशभरात बहुमत हवं आणि सहापैकी निदान चार राज्यांतही हवं. आजवर ४५ प्रस्ताव लोकांपुढे गेले, त्यांतले आठ मंजूर झाले. २७ मे १९६७ ला १२७ वं कलम काढून टाकण्याचा प्रस्ताव आला, आणि त्याला ९०.७७ टक्के मतं पडली. ऑस्ट्रेलियात कुठल्याही घटनादुरुस्तीला मिळालेला हा सर्वांत मोठा होकार. ऑक्टोबर २०२३ मध्ये आदिवासींना संसदेपुढे स्वतःचं म्हणणं मांडण्यासाठी घटनेत एक मंडळ द्यावं, असा प्रस्ताव त्याच मार्गाने मतदारांपुढे गेला. साठ टक्के लोकांनी नकार दिला, आणि सहाही राज्यांत तो पडला.